वाळूचं दार

नदी समुद्राला मिळते, असं तुम्हाला शाळेत शिकवलंय ना? मग मे महिन्यात चेन्नईच्या अड्यार नदीपाशी जाऊन बघा. बेझंट नगरच्या मोडक्या पुलापर्यंत ती कशीबशी येते. समोर समुद्र हाकेच्या अंतरावर गाजत असतो आणि दोघांच्या मधे वाळूचा आडवा दांडा पडलेला असतो. नदी तिथेच थबकते, हिरवी पडते, वास मारू लागते. तिकडे कूवम नदीचंही तेच. ऑक्टोबरात पाऊस आला, नदी फुगली, की ती दांडा फोडते आणि एकदाची समुद्राला जाऊन मिळते. हल्ली मधूनमधून यंत्रं लावून वाळू उपसतात, ती गोष्ट वेगळी.

मी वाढलो दाभोळच्या खाडीकाठी. नदीचं तोंड वाळूने बुजतं, असं तिथल्या कुणा तांडेलाला सांगितलं असतं, तर त्याने मला आधी ताक पाजलं असतं आणि मग हाताला धरून घरी पोचवलं असतं. इथे चेन्नईला नोकरीसाठी आलो तेव्हा मलाही हे पटायला वेळ लागला.

तुमच्यातल्या निनादचा प्रश्न बरोबर आहे, की कोकणात वाळू नाही का? आहे की. पण तिकडे भरती-ओहोटी दांडगी. मुंबईला उधाणाच्या दिवशी पाणी चार-पाच मीटर चढतं आणि तेवढंच उतरतं. इतकं पाणी सहा-सहा तासांनी खाडीत शिरतं आणि बाहेर पडतं, की तोंडाशी वाळूला बस्तान बसवायला सवडच मिळत नाही. चेन्नईला उधाणसुद्धा जेमतेम एक मीटरचं, आणि भांगाच्या, म्हणजे लहान भरतीच्या दिवशी तर पाणी हललं की नाही हे खांबाकडे बघून ठरवावं लागतं. मुंबईसमोर समुद्राचा उथळ तळ शेकडो किलोमीटर पसरलाय. भरतीची लाट त्याच्यावर चढता चढता उंच होत जाते. चेन्नईसमोर तो तळ पन्नासेक किलोमीटरच्या आत खोल उतरतो. म्हणून इथे भरतीचं काही चालत नाही, राज्य लाटांचं. आणि लाटांना एकच काम येतं, वाळू हलवायचं.

आता वाळूच्या एका कणामागे जाऊ. मरीनावर पाण्याच्या काठाशी उकिडवं बसा आणि लाट नीट बघा. ती किनाऱ्यावर सरळ येत नाही, तिरकी येते. वर चढताना कणाला तिरकं वर ढकलते. परतताना मात्र पाणी उताराने सरळ खाली येतं आणि कणाला सरळ खाली आणतं. म्हणजे कण निघाला होता तिथे परत येत नाही, थोडा बाजूला पडतो. पुढची लाट पुन्हा तेच करते. गौरी, तू चपलेचा पट्टा वाळूत रोवून बघितलंस ना परवा? त्याच्या एका अंगाला वाळू साचली आणि दुसऱ्या अंगाला खळगा पडला. तेच ते. नैर्ऋत्य मोसमी वाऱ्यांच्या दिवसांत ही वाळू उत्तरेकडे सरकते, ईशान्य वारे सुटले की काही महिने दक्षिणेकडे. पण वर्षाच्या हिशेबात उत्तरेची बाजू भारी पडते. लाखो घनमीटर वाळू दरसाल आपल्या दारावरून उत्तरेला जाते, आणि आपल्याला ती जागच्या जागी वाटते.

या चालत्या वाळूत १८७६ साली इंग्रजांनी दगड टाकायला सुरुवात केली. मद्रासला बंदर हवं होतं. दोन धक्के समुद्रात घातले. १८८१ मध्ये काम संपत आलं असताना वादळाने त्यांची दाणादाण उडवली, पुन्हा बांधले. वाळू दक्षिणेकडून आली ती धक्क्याला अडली आणि साचत गेली. आज तुम्ही जिथे क्रिकेट खेळता, सुंडल खाता, तो मरीनाचा अफाट रुंद पट्टा असाच वाढला. त्याआधी सेंट जॉर्ज किल्ल्याच्या तटापाशी लाटा येत. आणि उत्तरेला? वाळू येणं थांबलं, पण समुद्राचं खाणं थांबलं नाही. रायपुरम, कासिमेडू, तिरुवोत्तियूर, सगळा किनारा झिजत गेला. तिथे आता समुद्राकाठी काळ्या दगडांचे ढीग दिसतात ते त्यामुळे. मरीनाची शोभा सगळे सांगतात, तिची किंमत उत्तर चेन्नईने भरली हे फारसं कुणी सांगत नाही.

पण मला सांगायचंय ते आणखी उत्तरेचं. इथून साठेक किलोमीटरवर पळवेर्काडु नावाचं गाव आहे. नकाशावर पुलिकत लिहिलेलं असतं. त्याच्या शेजारी खाऱ्या पाण्याचं एक प्रचंड सरोवर आहे, देशात चिलिकाच्या खालोखाल. अर्धंअधिक आंध्रात, थोडं तमिळनाडूत. पावसाळ्यात ते साडेचारशे चौरस किलोमीटरच्या आसपास पसरतं, पण बऱ्याच ठिकाणी माणूस कमरेएवढ्या पाण्यातून चालत जाईल इतकं उथळ. सरोवर आणि बंगालचा उपसागर यांच्या मधे वाळूची एक लांबच लांब, चिंचोळी पट्टी आहे. तिचाच उत्तरेकडचा मोठा तुकडा म्हणजे श्रीहरिकोटा बेट. दक्षिणेकडच्या पट्टीवर कोळ्यांची कुप्पमं, म्हणजे वाड्या. पुढच्या दारी समुद्र, मागच्या दारी सरोवर.

ही पट्टी आली कुठून? वीस हजार वर्षांपूर्वी पृथ्वीवर इतकं बर्फ साठलं होतं, की समुद्र आजच्यापेक्षा शंभर-सव्वाशे मीटर खाली होता. मग बर्फ वितळलं, पाणी चढत गेलं, आणि सहा-सात हजार वर्षांपूर्वी साधारण आजच्या रेषेपाशी येऊन ठेपलं. नद्या वाळू आणतच होत्या. लाटांनी ती किनाऱ्यापासून थोड्या अंतरावर रचली. पट्टी उभी राहिली आणि तिच्या मागे पाणी कोंडलं गेलं. आरणी, कालंगी, स्वर्णमुखी या नद्या त्या कोंडलेल्या पाण्यात येऊन रित्या होतात. समुद्राकडे जायला गावाजवळ एक तोंड आहे. तिथले लोक त्याला मुगत्तुवारम म्हणतात. सगळी गोष्ट या एका दारावर टांगलेली आहे.

दार उघडं असलं की समुद्राचं पाणी आत येतं. ते उन्हाळ्यात बुजलं की आतलं पाणी नुसतं आटत राहतं, आणि काही भागात समुद्राहून खारट होतं. मग ईशान्य मोसमी पाऊस येतो, नद्या भरतात, पाणी जवळजवळ गोडं होतं, आणि नदीचा लोंढा दार फोडतो. एका वर्षात इतका फरक सोसून जगणारी जनावरं चिवटच असणार. त्यातली एक म्हणजे पांढरी कोळंबी. तिकडे तिला इराल म्हणतात, आणि आपल्याकडे कालवणात पडली की तिला कुणी नाव विचारत नाही.

कोळंबीची मादी अंडी घालते ती बाहेर, समुद्रात. एका वेळी लाखो. पिल्लं दिवसाभरात बाहेर पडतात, कात टाकत रूप बदलतात, आणि दोन-तीन आठवड्यांत नखाएवढी होतात. मग ती आजोळी निघतात. आजोळ म्हणजे हे सरोवर. खायला भरपूर, पाणी उबदार, मोठे मासे कमी. पण जायचं कसं? नखाएवढ्या पोराला प्रवाहाविरुद्ध पोहणं जमत नाही. कोळंबीच्या अनेक जातींत त्याची एक युक्ती सापडली आहे. भरतीचं पाणी आत निघालं, की पिल्लू तळ सोडून वर येतं आणि त्या पाण्याबरोबर वाहत आत जातं. ओहोटी लागली, पाणी बाहेर निघालं, की ते खाली तळाशी जाऊन बसून राहतं. पुढच्या भरतीला पुन्हा वर. पाण्याचा खारटपणा आणि दाब बदलला की त्याला कळतं. डोळ्यात भरणार नाही एवढा जीव, आणि भरती-ओहोटीचं वेळापत्रक त्याला तुमच्या भूगोलाच्या सरांपेक्षा पक्कं ठाऊक.

आत तीन-चार महिने खाऊन-पिऊन ती बोटाएवढी होतात, आणि मग समुद्राची ओढ लागते. आता उलटा प्रवास. रात्रीच्या अंधारात, ओहोटीच्या जोरावर, त्यातही अमावास्या-पौर्णिमेच्या उधाणाला, झुंडीच्या झुंडी दाराकडे निघतात. आणि दाराशी माणूस उभा असतो.

तो खुंट रोवून त्यांना जाळं बांधतो, प्रवाहाच्या तोंडावर. आपल्या डोलीच्या जाळ्याची आठवण यावी असं. कोळंबी आपल्या पायांनी येते. पण जाळं लावायच्या चांगल्या जागा मोजक्याच. पाणी जिथे अरुंद होऊन जोरात धावतं, तेवढ्याच. सगळ्यांनी तिथे गर्दी केली तर जाळ्यांत जाळी अडकतील आणि काठीने काठी मोडेल. म्हणून कोट्टैकुप्पम, नडुकुप्पम आणि आंडिकुप्पम या वाड्यांनी जुन्या काळापासून एक रीत धरली. तिला पाडु म्हणतात. हक्कदारांची यादी करायची, चिठ्ठ्या टाकायच्या, पाळ्या लावायच्या. आज ही जागा तुझी, उद्या दुसऱ्याची. वाईट जागा सगळ्यांच्या वाट्याला येते आणि चांगलीही येते. श्रीलंकेत नेगोंबोच्या सरोवरावरही अशीच चिठ्ठ्यांची पद्धत आहे. तिथेही वाळूची पट्टी, अरुंद तोंड आणि कोळंबी.

पाळी मिळाली म्हणजे कोळंबी मिळाली असं नाही हं. आभाळ भरलं, वारा फिरला, की रिकामं जाळं घेऊन घरी. पण तक्रार करायची ती नशिबाविरुद्ध, शेजाऱ्याविरुद्ध नाही.

फार गोड वाटतं ना ऐकायला? थोडं थांबा. यादीत ज्याचं नाव नाही त्याचं काय? पाडुचा हक्क पट्टणवर या कोळी जातीच्या घरांचा. सरोवराकाठी इतरही लोक राहतात. इरुळर बायका छातीएवढ्या पाण्यात उतरतात, तळाच्या चिखलात दोन्ही हातांनी चाचपतात आणि हाताला लागलेली कोळंबी पकडून टोपलीत टाकतात. टोपली ताडाच्या पात्याची, आणि ती धरलेली असते दातांत, कारण हात दोन्ही पाण्याखाली. तासन्‌तास. गौरी, नुसता चमचा दातांत धरून दहा मिनिटं भांडी घासून बघ, म्हणजे कळेल. या बायकांना चिठ्ठी नाही, पाळी नाही. जुन्या रीतींचं कौतुक करावं, पण त्यात कोण बाहेर राहिलं तेही मोजावं.

आता पृथ्वीच्या दुसऱ्या अंगाला जाऊ. कॅनडाच्या पश्चिम किनाऱ्यावर, व्हँकूव्हर बेटाच्या उत्तर टोकाशी, शेकडो लहान लहान बेटं आहेत. तिथे क्वाक्वाकावाक्व नावाचे लोक हजारो वर्षं राहत आले. देवदाराची मोठी घरं, होड्या, मुखवटे, आणि खायला सामन मासा आणि शिंपले. १९९५ च्या सुमारास जॉन हार्पर नावाचे भूवैज्ञानिक त्या किनाऱ्याची हवाई पाहणी करत होते. ओहोटी पार खाली गेलेली, आणि त्यांना एकामागून एक खाडीत पाण्याच्या कडेला दगडांच्या ओळी दिसल्या. निसर्गात इतकी व्यवस्थित ओळ होत नाही. मग त्या लोकांचे एक वडीलधारे प्रमुख अ‍ॅडम डिक यांनी उलगडा केला, की या शिंपल्यांच्या बागा आहेत. पूर्वजांनी सगळ्यात खालच्या ओहोटीच्या रेषेवर दगड रचले, त्यांच्या मागे रेती-चिखल साचून उताराच्या जागी सपाट अंगण झालं, आणि तिथे शिंपले जास्त पिकू लागले. पुढे संशोधकांनी मोजलं तेव्हा बिनभिंतीच्या किनाऱ्यापेक्षा बागांत काही जातींचे शिंपले कितीतरी पटींनी जास्त भरले. काही भिंती साडेतीन हजार वर्षांच्या जुन्या निघाल्या.

कुठली जागा कुठल्या घराण्याची, हे ते लोक पॉटलॅच नावाच्या समारंभात सगळ्यांदेखत जाहीर करत. पाहुणे जमवायचे, नाच व्हायचे, आणि यजमानाने घरातलं सगळं वाटून टाकायचं. जेवून भेट घेऊन गेलेला प्रत्येक जण साक्षीदार. कॅनडा सरकारला हे उधळपट्टीचं थेर वाटलं आणि १८८५ मध्ये त्यावर बंदी आली. १९२१ च्या नाताळात व्हिलेज आयलंड नावाच्या बेटावर मोठा पॉटलॅच झाला. पोलिसांनी लोकांना पकडलं, काहींना तुरुंगात घातलं, मुखवटे जप्त करून दूरच्या संग्रहालयांत पाठवले. बंदी उठली १९५१ मध्ये. मुखवटे परत मिळवायला आणखी कितीतरी वर्षं झगडावं लागलं. अलर्ट बे गावात १९८० साली त्यांच्यासाठी घर उभं राहिलं. सरकारने मुखवटे नेले असं पुस्तकांत लिहितात. मला वाटतं, सरकारने त्यांचं सातबाराचं दफ्तरच नेलं.

मी या दोन किनाऱ्यांची सांगड का घालतोय? तिथे खडक होता, म्हणून त्यांना किनारा बांधता आला. पुलिकतच्या वाळूवर दगड टिकत नाही, आज रचलेलं उद्या सरकतं. तेव्हा इथल्यांनी किनारा जसा आहे तसा फिरता ठेवला आणि स्वतःच्या पाळ्या बांधून घेतल्या. दार इकडे सरकलं तर जाळ्याची जागाही सरकते, पण यादी तीच राहते. हा शोध कुठल्या प्रयोगशाळेतला नाही, आणि तरी मला तो शिंपल्यांच्या बागेइतकाच हुशारीचा वाटतो.

दाराची किंमत परक्यांनाही कळली होती. या सगळ्या किनाऱ्यावर जहाजाला आडोसा म्हणून नव्हता. मोठी जहाजं बाहेर नांगर टाकून उभी राहत आणि होड्यांनी माल सरोवरात आणत. डचांनी १६१३ मध्ये इथे गेल्ड्रिया नावाचा किल्ला बांधला, आणि बराच काळ चोळमंडल किनाऱ्यावरचं त्यांचं मुख्य ठाणं हेच होतं. इथलं रंगीत कापड मसाल्याच्या बेटांवर जाई. बंदुकीची दारू बने. आणि माणसंही जहाजांत कोंबून डचांच्या बटाव्हियाला गुलाम म्हणून विकली गेली, हजारोंनी. दुष्काळ पडला की हा धंदा तेजीत येई. १६९० मध्ये डचांनी मुख्य ठाणं नागपट्टणला हलवलं, आमच्या तंजावरकर भोसल्यांच्या मुलखाच्या किनाऱ्यावर. तेव्हा गादीवर व्यंकोजीराजांचे चिरंजीव शहाजीराजे होते.

किल्ल्याचं आता झाडोऱ्यात बुजलेलं जोतं उरलंय. दफनभूमी मात्र बघण्यासारखी. तिच्या फाटकाच्या दोन्ही अंगांना दगडात कोरलेले सांगाडे उभे आहेत. एकाच्या डोक्यावर वाळूचं घड्याळ आहे. निनादला घेऊन गेलो तेव्हा त्याला किल्ल्यात रस नव्हता, सांगाड्यांच्या बरगड्या मात्र त्याने मोजल्या.

थंडीत जाल तर रोहित पक्षी दिसतील, तेच फ्लेमिंगो, जे शिवडीच्या चिखलात तुम्ही पाहिलेत. चोच उलटी करून पाणी गाळून खातात. अंगाचा गुलाबी रंग खाण्यातल्या सूक्ष्म शेवाळातून आणि कोळंबीवर्गी किड्यांतून येतो. पाणी उथळ असेल तरच त्यांचे पाय पुरतात. म्हणजे त्यांचंही वेळापत्रक त्या दाराकडेच.

आणि रॉकेट! ९ ऑक्टोबर १९७१ ला श्रीहरिकोट्यावरून पहिलं छोटं रोहिणी रॉकेट उडालं. पूर्वेला मोकळा समुद्र, आणि पृथ्वीही पूर्वेकडेच फिरते, त्यामुळे पूर्वेला उडवलेल्या रॉकेटला तिच्या फिरण्याचा वेग फुकट मिळतो. वाळूच्या पट्टीला असं भाग्य येईल हे कुणाच्या स्वप्नात नव्हतं. पण बेट रिकामं नव्हतं. यानादी लोक होते, मच्छीमार होते. त्यांतली काही घरं उठून पुलिकतच्या बाजूला आली, आणि त्यांनीही पाडुत वाटा मागितला. जागा तेवढ्याच, खाणारी तोंडं वाढलेली. चिठ्ठ्या टाकून सुटेल असा हा गुंता नव्हता. भांडणं झाली, जाळी तुटली. आजही रॉकेट उडणार असेल त्या दिवशी मच्छीमारांना समुद्रात जायला मनाई असते. आपण गच्चीवरून टाळ्या वाजवतो, तेव्हा त्यांच्या होड्या काठावर असतात.

इकडे दक्षिणेकडून दगड पुढे सरकत आले. एण्णूरचं बंदर २००१ मध्ये सुरू झालं, त्याच्या उत्तरेला काट्टुपळ्ळीचं दहा-बारा वर्षांनी. मरीनाचं जे झालं तेच पुन्हा. बंदराच्या दक्षिणेला वाळू अडते, उत्तरेची पट्टी झिजते. पुलिकतच्या लोकांना धास्ती आहे, की ही चिंचोळी पट्टी मधेच कापली गेली तर समुद्र आणि सरोवर एक होतील. मग आजोळही नाही आणि दारही नाही. दुसरीकडे खुद्द दार वरचेवर बुजतं, होड्या वाळूत रुततात. म्हणून मच्छीमारांनीच वर्षानुवर्षं मागणी लावून धरली, की दोन्ही बाजूंना दगडी भिंती घालून दार कायमचं उघडं करून द्या. सरकारने ते काम हाती घेतलं. ज्यांनी शेकडो वर्षं फिरत्या दाराशी जुळवून घेतलं, त्यांनाच आता स्थिर दार हवंय. मी त्यांना नावं ठेवणार नाही. डिझेलची होडी आणि बँकेचा हप्ता पावसाची वाट बघत बसत नाही.

गौरीने विचारलं, मग त्या भिंतींना अडलेली वाळू कुठे जाणार? शाबास. ती दक्षिणेच्या अंगाला साचणार आणि उत्तरेचा किनारा उपाशी राहणार. यावर एक इलाज आहे. विशाखापट्टणमला बाहेरचं बंदर झालं तेव्हा शहराच्या रामकृष्ण बीचची वाळू जाऊ लागली. तेव्हापासून अडलेली वाळू ड्रेजरने उपसून पलीकडे किनाऱ्यावर टाकतात. लाटा जे काम फुकट करत होत्या, ते आता पंप, पाइप आणि निविदा काढून करायचं. एका वर्षी करून भागत नाही, बंदर आहे तोवर दरसाल करावं लागतं. पुलिकतला भिंती घालताना या दरसालच्या खर्चाची तरतूद कुणाच्या नावावर लिहिली आहे, ते बघायला हवं.